पप्पांची फ्रेंच कारकीर्द

लीड्सच्या त्या घरात एकच खोली गरम असायची. पाठीला पाठ लावून बांधलेल्या घरांची ती गल्ली; मागचं घर आणि आमचं घर यांच्यात एकच भिंत, त्यामुळे मागे खिडकी नाही, दार नाही, परसदार तर नाहीच. खोल्या एकावर एक, काडेपेट्या रचाव्यात तशा. हीटिंग होतं, पण ते लावायला पाहुणे यावे लागत, आणि पाहुणे यायला आमची कुणाशी ओळख नव्हती. नोव्हेंबर ते मार्च आम्ही चौघं खालच्या खोलीत राहायचो. तिथेच कुकर, तिथेच आईचं शिलाई मशीन, तिथेच माझी पुस्तकं, आणि डोक्यावर दोरीला टांगलेले कपडे, जे चार-चार दिवस वाळायचे नाहीत. वर झोपायला जाताना आम्ही कपडे काढायचो नाही, चढवायचो. आई दही लावायची ते पप्पांच्या जुन्या स्वेटरमध्ये गुंडाळून बॉयलरच्या कपाटात ठेवायची. त्या घरात दह्याला स्वेटर होता आणि मला नव्हता, हे मी अजूनही आईला ऐकवते. आई म्हणते, "तुला कशाला? तू तशीही आंबटच होतीस."

पप्पांची सांगलीत खानावळ होती. रस्ता रुंद होत गेला तशी खानावळ अरुंद होत गेली, आणि एके दिवशी रस्त्यातच गेली. मग ओळखीतल्या एकाने लीड्सच्या एका इंडियन रेस्टॉरंटात आचारी म्हणून त्यांची वर्णी लावली. वर्षभराने आई, मी आणि धाकटी चिऊ आलो. आम्हाला येऊन दोन हिवाळे होतात तोवर मालकाने रेस्टॉरंट बंद करून तिथे कार्पेटचं दुकान काढलं. व्हिसा नोकरीला बांधलेला, आणि नोकरी कार्पेटखाली गेलेली. पासपोर्ट क्रॉयडनच्या व्हिसा कचेरीला रवाना झाले. क्रॉयडन मी आजतागायत पाहिलेलं नाही, पण आमचे पासपोर्ट तिथे इतके दिवस राहून आले की त्यांना तिथल्या ट्रामचं टाइमटेबल पाठ झालं असणार. त्या दिवसांत दाराच्या फटीतून पोस्ट पडल्याचा आवाज आला की आई मशीनचं चाक हाताने थांबवायची, आणि मग आम्ही सगळे त्या लिफाफ्याकडे उंदीर आल्यासारखे बघत राहायचो. शेवटी पप्पांना मोठ्या हॉस्पिटलच्या किचनमध्ये काम लागलं, कागद जुळले, आणि सांगलीत ज्याच्या रश्श्यासाठी लोक सायकली मारत यायचे तो माणूस बिनमिठाचा कोबी उकडायला लागला.

इथे पप्पांच्या चेहऱ्याबद्दल सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्या चेहऱ्याने घडवलं. लहानपणच्या माझ्या आठवणीतले पप्पा हसरे, गोल, घामेजलेले. हॉस्पिटलला लागल्यावर वर्षभरात त्यांचा चेहरा उतरत गेला: भुवया बाहेरच्या बाजूला ओघळल्या, गाल सैल पडले, आणि डोळ्यांत असं काही आलं की बसमध्ये अनोळखी म्हाताऱ्या बायका त्यांचा हात थोपटायच्या. चिऊ तीन वर्षांची असताना इंग्लंडला आली, त्यामुळे तिचं मराठी तेव्हापासून लंगडतंय. ती म्हणायची, "पप्पा, तुमची चेहरा अशी का झाली?" कारण साधं होतं आणि आम्हा सगळ्यांना माहीत होतं. दुपारी वॉर्डांतून जेवणाचे ट्रे परत यायचे, भरलेले. कुणी चमचा बुडवून ठेवलेला, कुणी तेवढंही नाही. आमच्या खानावळीत भिंतीवर पाटी होती, 'पानात टाकून उठू नये', आणि पाटी वाचता न येणाऱ्यांसाठी शेजारी पप्पा स्वतः उभे असायचे. इंजिनिअरिंगच्या पोरांनी भात टाकला तर पप्पा त्यांच्यासमोर मांडी घालून बसत आणि ते संपवेपर्यंत उठत नसत. एकाचा त्यामुळे पेपर बुडाला होता. असा माणूस रोज शेकडो ताटं भरलेली कचऱ्यात जाताना बघत होता. चेहरा उतरेल नाही तर काय होईल?

माझं त्या वेळी सतरावं चालू होतं. सिक्स्थ फॉर्ममध्ये, म्हणजे इथल्या अकरावी-बारावीत, मी केमिस्ट्री, बायॉलॉजी आणि फ्रेंच घेतलं होतं. पहिले दोन पप्पांसाठी, तिसरा माझ्यासाठी. फ्रेंच का, असं मला आजही लोक विचारतात आणि त्यांना वाटतं मी काहीतरी काव्यमय सांगेन. खरं कारण असं की इंग्रजीच्या वर्गात मी सगळ्यांच्या मागे होते, पण फ्रेंचमध्ये सगळेच माझ्याइतके अडाणी होते. तिथे मी पहिल्यांदा कुणाच्या बरोबरीने उभी राहिले. ते सुख ज्याला मिळालंय त्यालाच कळेल. युनिव्हर्सिटीचा फॉर्म भरायचा होता आणि तो आठ दिवस फ्रिजवर पडला होता, कारण पप्पांना फार्मसी हवी होती. हॉस्पिटलच्या फार्मसीतली बाई त्यांनी पाहिली होती. "पांढरा कोट, बसून काम, आणि दिवसभर हीटिंग," असं ते म्हणायचे. "फ्रेंच शिकून कुणाशी बोलणार तू? सांगलीत हाय का कोण फ्रेंच?" मी म्हणायची, "आपण सांगलीत कुठे आहोत?" ते म्हणायचे, "मग लीड्सात हाय का?" त्यात मी वर्गात फ्रेंचमध्ये पहिली येते असं मी घरी सांगून ठेवलं होतं, आणि ते साफ खोटं होतं. लिहायला बरी होते. बोलायला उभी राहिले की साधं वाक्यही पुरं व्हायचं नाही. आमच्या बाई म्हणाल्या होत्या, "तुला व्याकरण आहे, पण तोंड नाही." पप्पांना कोणी म्हटलं असतं की तुमच्या मुलीला तोंड नाही, तर ते खो खो हसले असते.

शनिवारी दुपारी फोन वाजला. पप्पा किचनमधून कुजबुजत होते. "ये गं लगेच हॉस्पिटलात. एक फ्रेंच माणूस माझ्याकडं बघतोय."

"काय केलंत तुम्ही?"

"काय नाही. कस्टर्ड वाढलं."

"मग?"

"परत आला. परत वाढलं. आता तिसऱ्यांदा आलाय, खात न्हाई, नुसता बघतोय. तू ये. मी सांगितलंय माझी पोरगी फ्रेंचमध्ये पहिली हाय."

मी बसने हॉस्पिटलात पोचले. हॉस्पिटलच्या आवारात नर्सेसचं एक जुनं रिकामं वसतिगृह होतं, आणि ते भाड्याने घेऊन एक फ्रेंच मंडळी तिथे सिनेमा काढत होती. त्यांचं जेवण कॅन्टीनमध्ये असायचं. बघणारा माणूस म्हणजे त्यांचा दिग्दर्शक लुसियाँ: बुटका, दाढीत ब्रेडचा चुरा, आणि हातात तीन वाट्या कस्टर्ड. त्याच्याबरोबर कामी नावाची एक उंच पोरगी, कमरेला वॉकीटॉकी, ती त्याची असिस्टंट. लुसियाँ माझ्याशी जे बोलायला लागला ते मशिनगनसारखं. शाळेतल्या कॅसेटवर लोक असे बोलत नसत. कॅसेटवर लोक एकमेकांना स्टेशनचा रस्ता विचारत आणि उत्तराची वाट बघत. मला त्यातला एकच शब्द कळला: चेहरा.

"ते म्हणतात त्यांना तुमचा चेहरा हवाय," मी पप्पांना म्हणाले.

"कशाला?"

"सिनेमासाठी."

"आणि मी?"

"तुम्हीपण, पप्पा. चेहऱ्याबरोबर."

मग लुसियाँने हळू बोलून, हातवारे करून विचारलं: हे कस्टर्ड वाढताना इतके दुःखी दिसतात, तेव्हा यांच्या मनात काय असतं? मी पप्पांना विचारलं. पप्पा म्हणाले, "सांग त्याला, ताटं भरलेली परत येत्यात. लोक पानात टाकत्यात. ते बघून आतडं तुटतं." आता 'पानात टाकणे' याला फ्रेंचमध्ये काय म्हणतात हे मला माहीत नव्हतं. उष्टं, ताट, आतडं, काहीच माहीत नव्हतं. सगळं किचन माझ्याकडे बघत होतं. मी म्हणून टाकलं, "त्यांना भारताची आठवण येते." लुसियाँने डोळे मिटले, छातीवर हात ठेवला आणि कस्टर्डची एक वाटी खाली सांडली. पप्पांनी त्या वाटीकडे असं पाहिलं की भूमिका तिथेच पक्की झाली.

सिनेमा असा होता. इंग्लंडातलं एक जुनं बोर्डिंग हाऊस, एक फ्रेंच तरुण तिथे राहायला येतो, आणि कोणालाही त्याचं नवल वाटू नये अशा सहजपणे त्या इंग्लंडात सगळे जण फ्रेंच बोलतात. पप्पा त्यातले मिस्टर राव, अनेक वर्षं तिथे राहणारे भाडेकरू, ज्यांचं घरमालकिणीवर मनातल्या मनात प्रेम आहे. जेवणाच्या टेबलावर फ्रेंच तरुण जाहीर करतो की मी आणि मालकीणबाई लग्न करतोय. मिस्टर राव भरलेलं ताट बाजूला सारतात आणि उठून जातात. एवढाच प्रसंग. त्याआधी एक वाक्य: 'मीठ द्या, कृपया.'

त्या एका वाक्याने आमच्या घरात धुमाकूळ घातला. पप्पा आंघोळीत म्हणायचे, जिन्यात म्हणायचे, आईला झोपेतून उठवून म्हणायचे, "ल सेल, सिल व्हू प्ले." चिऊ शाळेतून आल्यावर दारातच मीठ मागायची. शेवटी आई म्हणाली, "आता कुणी मीठ मागितलं तर मी खरंच घालीन, डोळ्यांत." सांगलीहून आत्याचा फोन आला. तिथे बातमी अशी पोचली होती की दत्तू, म्हणजे आमचे पप्पा, पॅरिसमध्ये हिरो झाला. "हिरोईन गोरी हाय का?" आत्याने विचारलं. आई म्हणाली, "हाय. पण तिला दुसराच कोणीतरी नेतो, यांना नुसतं जेवायचंय." आत्या म्हणाली, "मग दत्तूला जमंल." शूटिंगच्या आदल्या दिवशी संध्याकाळी आईने पप्पांची दृष्ट काढली. मीठ-मिरच्या ओवाळल्या आणि सवयीने तव्यावर टाकल्या. स्मोक अलार्म कोकलायला लागला, शेजारच्या ब्रेंडाबाई ओला टॉवेल घेऊन आत घुसल्या, आणि खोकणाऱ्या पाच माणसांत पप्पा खोकत खोकत त्यांना म्हणाले, "ल सेल, सिल व्हू प्ले." ब्रेंडाबाईंनी तेव्हापासून कधीही विचारलं नाही की तुम्ही नक्की कुठले.

शूटिंगच्या दिवशी सकाळी आम्ही वसतिगृहात पोचलो तर मेकअपच्या खुर्चीत डॉक्टर कारखानीस बसलेले. हे त्याच हॉस्पिटलमधले भूलतज्ज्ञ, आणि लीड्सच्या मराठी मंडळाच्या गणपतीतले कायमचे नायक. दरवर्षी नाटकात नायक डॉक्टरसाहेब, आणि दरवर्षी पडद्यामागे अडीचशे माणसांची पुरी-भाजी करणारे आमचे पप्पा. मंडळात आम्हाला कोणी वाईट वागवत नव्हतं; फक्त आम्ही नेहमी किचनच्या दाराने आत यायचो. डॉक्टरांना कुठून तरी शूटिंगचा वास लागला होता आणि त्यांनी टेबलावरच्या दुसऱ्या भाडेकरूची जागा मिळवली होती, बिनसंवादाची.

"अरे वा, शिराळकर! तुम्ही इथे? केटरिंग का?"

"न्हाई डॉक्टरसाहेब," पप्पा म्हणाले. "मला डायलॉग हाय."

डॉक्टरांच्या चेहऱ्यावर एकामागून एक सहा भाव आले. त्या दिवशी ते सहाही भाव त्यांनी टेबलावर पुन्हा पुन्हा वापरले.

टेबल मांडलं होतं. प्रत्येकासमोर मॅश म्हणजे कुस्करलेला बटाटा, मटार आणि खिम्याचा 'पाय', म्हणजे इंग्रजांची खिमा भरलेली जाड कचोरी, सगळं थंडगार. मी कॅमेऱ्यामागे स्टुलावर, दुभाषी म्हणून. कामीने खूण केली. पप्पांनी मीठ मागितलं, अगदी सुरेख. मीठ आलं. फ्रेंच तरुणाने लग्नाची बातमी दिली. पप्पांचा चेहरा उतरला, इतका सुंदर उतरला की लुसियाँ स्टुलावरून अर्धा उठला. आणि मग पप्पांनी चमचा उचलला, भराभर सगळा पाय, मटार, मॅश संपवलं, कडेला घरंगळलेला शेवटचा मटार बोटाने पकडला, तोंडात टाकला आणि उठून गेले.

"नाही, नाही," लुसियाँ म्हणाला. "ताट भरलेलं राहू द्यायचं." मी सांगितलं. पप्पांनी मान हलवली. नवीन प्लेट आली. दुसऱ्या वेळी पप्पांनी अर्धं खाल्लं, उठले, दारापर्यंत गेले, थांबले, परत आले आणि उरलेलं उभ्याने संपवलं. तिसऱ्या वेळी त्यांनी बातमी येण्याच्या आधीच सगळं उरकलं, म्हणजे टाकायचा प्रश्नच नको. चौथ्या वेळी लुसियाँ ओरडला तेव्हा पप्पांच्या तोंडात घास होता, आणि घास तोंडात असताना ओरडणाऱ्या माणसाला आमच्याकडे काय म्हणतात ते पप्पांनी मराठीत म्हटलं. मी भाषांतर केलं नाही. एक पोरगी प्रत्येक प्लेटचा फोटो काढत होती, म्हणजे पुढच्या वेळी मटार मोजून तितकेच ठेवता यावेत. आठव्या प्लेटनंतर तिचे मटार संपले आणि ती कॅन्टीनमध्ये पळाली.

"पप्पा, अहो एकदा टाका ना. नाटक आहे ते."

"नाटकातलं असंल, पण बटाटा खरा हाय. हे नंतर कुठं जातंय?"

"कचऱ्यात."

"बघ. सांग त्यांस्नी, पानात टाकून उठणारा माणूस मी नव्हं."

हे मी सांगितलं नाही. म्हणाले की ते नर्व्हस आहेत. लुसियाँ गुडघ्यांवर बसला, पप्पांचा हात हातात घेतला आणि म्हणाला, भारताची आठवण काढा, आणि उठून जा. मी तसंच सांगितलं. पप्पा बुचकळ्यात पडले. "भारताची कशाला? भारतात तर टाकतच न्हाईत."

अकराव्या प्लेटनंतर डॉक्टर कारखानीसांनी हात वर केला आणि इंग्रजीत, सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं की त्यांना हा प्रसंग करता येईल. मग माझ्याकडे वळून मराठीत म्हणाले, "त्यांना सांग गं, मला पानात टाकायची सवय आहे. घरी रोज टाकतो." ते खरं होतं, कारखानीसकाकूंनी गणपतीत आईला हे अनेकदा सांगितलं होतं. लुसियाँने घड्याळ बघितलं, कामीशी बोलला, आणि कामी मला म्हणाली की डॉक्टरांनी तुझ्या वडिलांच्या जागी बसावं. मिस्टर राव आता डॉक्टर. तुझ्या वडिलांचे आभार, त्यांनी जेवून जावं.

पप्पांनी विचारलं नाही की काय ठरलं. त्यांना कळलं होतं. त्यांनी मिस्टर रावांचा कोट काढला, बाह्या जुळवून घडी घातली, खुर्चीच्या पाठीवर ठेवला. आणि नवल म्हणजे त्या क्षणी त्यांचा चेहरा अजिबात दुःखी नव्हता. अगदी साधा होता, कामावर निघालेल्या माणसाचा. "चल," ते म्हणाले, "वॉर्डांतनं ताटं यायची वेळ झाली." मला तो साधा चेहरा बघवला नाही. आज इतकी वर्षं मुलांना फ्रेंच शिकवते, अनेकांना व्यासपीठावर घाबरलेलं बघते, आणि त्यांना सांगते की भीती जाण्याची वाट बघू नका, राग येण्याची वाट बघा. मुख्याध्यापिका म्हणतात हे वर्गात सांगू नकोस. पण मला दुसरं काही माहीत नाही.

मी लुसियाँसमोर जाऊन उभी राहिले आणि बोलायला लागले. त्या फ्रेंचला काळ नव्हता, लिंग नव्हतं, आणि इतक्या मोठ्या माणसाला मी चक्क अरे-तुरे करत होते. मराठीत आणायचं तर साधारण असं: "तू थांब! मी खोटं बोलते. मी पहिली नाही वर्गात, मी सातवी. तो भारत आठवत नाही! भारत ठीक आहे! तो रोज दुपारी ताट बघतो, भरलेलं ताट, आजारी लोकांचं, ते कचऱ्यात जातं, आणि तो रडतो, आत, इथे. तो चेहरा ताटाचा आहे! तू चेहरा मागतोस आणि ताट टाक म्हणतोस? ताट टाकलं तर चेहरा नाही! तो डॉक्टर टाकेल, हो, बघ त्याचा चेहरा, तो रोज टाकतो, काय आहे त्याच्या चेहऱ्यावर? पावडर!"

आवाज टिपणाऱ्या माणसाने कानावरचे हेडफोन काढले. डॉक्टरांना फ्रेंच येत नव्हतं, पण बोट त्यांच्याकडे होतं, त्यामुळे त्यांनी घाईघाईने एक भाव केला. पप्पा दाराशी उभे राहून माझ्याकडे असे बघत होते जसे आपल्या घरातल्या कुकरने अचानक शिट्टीऐवजी गाणं म्हणावं.

लुसियाँने बराच वेळ दाढी खाजवली. मग मला म्हणाला, हळूहळू, कॅसेटवरच्या माणसांसारखं: "मग विचार त्यांना. ज्या बाईवर प्रेम आहे ती दुसऱ्याची झाली, हे जेवताना कळलं, तर ते काय करतील?"

मी विचारलं. पप्पांनी विचार केला. "जेवीन," ते म्हणाले. "सगळं जेवीन. तिनं केलंय ना ते? मग शेवटचंच असंल. हळू जेवीन. भरल्या ताटावरनं काय, राग आला की कोणबी उठतंय."

यावेळी मी प्रत्येक शब्द सांगितला. जिथे शब्द नव्हता तिथे हाताने दाखवला.

बाराव्या प्लेटला तो प्रसंग झाला. पप्पांनी कोट पुन्हा चढवला, मीठ मागितलं, बातमी ऐकली, आणि जेवायला लागले. एक एक मटार. मॅशला काट्याने रेघ ओढून त्यातलं अर्धं, मग त्यातलं अर्धं. टेबलावरचे बाकीचे नट आपले संवाद विसरून बघत राहिले आणि लुसियाँने कॅमेरा थांबवला नाही. ब्रेडच्या तुकड्याने प्लेट पुसून, सुरी-काटा शेजारी शेजारी ठेवून पप्पांनी मालकीणबाईंकडे एकदा मान लववली आणि उठले. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. पुढे एका फ्रेंच वर्तमानपत्राने लिहिलं की मूक प्रेमभंगाचे असे अश्रू पडद्यावर क्वचितच दिसतात. मी ते कात्रण घरी मोठ्याने वाचून दाखवलं. पप्पा म्हणाले, "कसला प्रेमभंग? अकरा प्लेटी होत्या पोटात."

परतीच्या बसमध्ये पप्पा पोटावर दोन्ही हात ठेवून, डोळे मिटून बसले होते. दर वळणाला कण्हत होते. हॉस्पिटल मागे पडल्यावर डोळे न उघडता म्हणाले, "त्या फॉर्मवर फ्रेंच लिही."

"काय?"

"शिव्या दिल्यास ना त्याला?"

"शिव्या नाहीत दिल्या. अरे-तुरे केलं."

"आणि सातवी येतेस म्हणून सांगितलंस?"

माझा चेहरा पडला. "तुम्हाला कसं कळलं?"

"सात बोटं दाखवलीस की." त्यांनी एक डोळा उघडला. "तरी लिही. बारा माणसं गप्प केलीस तू. फार्मसीतली बाई तर कुणाशी बोलतबी न्हाई." मग थोड्या वेळाने: "फार्मसी चिऊला करू. आणि आईला सांग, आज मला जेवायला काय नको." हे वाक्य पप्पांच्या तोंडून त्याआधी किंवा त्यानंतर कोणी ऐकलेलं नाही. फॉर्म मी त्याच संध्याकाळी, कुकरशेजारी बसून भरला. चिऊने पुढे ग्राफिक डिझाईन केलं, हा भाग वेगळा.

सिनेमा वर्षभराने लीड्सच्या एका छोट्या थिएटरात दोन दिवस लागला. मंडळातले झाडून सगळे आले. मिठाचा संवाद एडिटिंगमध्ये गेला होता, आणि सहा भावांपैकी एकही पडद्यावर आला नव्हता. डॉक्टरांचं एक कोपर तेवढं दिसत होतं. पण कारखानीस दिलदार माणूस. मध्यंतर नसलेल्या त्या सिनेमातून बाहेर आल्यावर ते सगळ्यांदेखत पप्पांचा हात धरून म्हणाले, "शिराळकर, माझ्या कोपराला तुमच्याशेजारी बसायचा मान मिळाला." त्या वर्षी गणपतीत पप्पांना नाटकात घ्यायचं ठरलं. पप्पांनी नकार दिला. म्हणाले, मी नाटकात गेलो तर पुऱ्या कोण तळणार.

लुसियाँने आपल्या मित्रांना सांगितलं असावं, कारण पुढच्या काही वर्षांत पॅरिसहून चार फोन आले, आणि चारही वेळा जेवणाचं टेबल होतं. दफनानंतरच्या जेवणात बसलेला नोटरी, ट्रेनमध्ये उकडलेलं अंडं सोलणारा प्रवासी, निवृत्त न्यायाधीश, आणि एकदा असा शेजारी जो सिनेमाभर सूप पितो आणि शेवटी खुनी कोण ते फक्त त्यालाच माहीत असतं. पप्पा दरवेळी किचनमधून वार्षिक रजा काढायचे, आईने इस्त्री केलेला एकच सूट घालायचे आणि मला बरोबर घ्यायचे. फ्रेंच ते कधी शिकले नाहीत. गरज काय, म्हणायचे, तोंडात घास असतो.

एकूण पाच फ्रेंच चित्रपट, पाचही सहायक भूमिका, आणि पाचांपैकी एकाही ताटात पप्पांनी कण ठेवला नाही. मी फ्रेंच विषय घेऊन बी.ए. ऑनर्स झाले, अपर सेकंड क्लास. शिराळकरांच्या घरातून कॉलेजात जाऊन पदवी घेऊन बाहेर आलेली मी पहिली.